दसऱ्याला न उचललेलं ड्रिल

आबा,

दसऱ्याच्या दिवशी सकाळी मी जळगावच्या दुकानातली सगळी हत्यारं डिझेलच्या फडक्यानं पुसली, चौरंगावर धुतलेला पंचा अंथरला आणि एकेक करून वर मांडली. मधोमध तुमची पक्कड. तिच्या मुठीवरचं लाल रबर तुमच्या अंगठ्याखाली झिजलं होतं, ते अजून तसंच आहे. शेजारी करंट तपासायला तुम्ही करून दिलेला टेस्ट लॅम्प, मग पाने, स्क्रू ड्रायव्हर, सोल्डरिंगची कांडी, आणि शेवटी मी घेतलेलं ड्रिल मशीन. सगळ्यांना हळदकुंकू लावलं, झेंडू वाहिला, नारळ फोडला. तुम्ही गेलात त्याला वीस वर्षं होत आली, पण दसऱ्याला चौरंगासमोर डोळे मिटले की आधी देवी दिसत नाही, तुम्ही दिसता. हे तुम्हाला आवडलं नसतं.

एकदा पूजा मांडली की दुसऱ्या दिवशी सकाळपर्यंत तिच्यातल्या एकाही वस्तूला हात लावायचा नाही, असा माझ्या दुकानाचा नियम आहे. गिऱ्हाईक आलंच तर मी प्रसाद हातावर ठेवतो आणि उद्या या म्हणतो. आसपासचे लोक म्हणतात, हा वायरिंगवाला देवभोळा आहे. मला ते ऐकायला बरं वाटतं. त्या दिवशीही मी एवढंच म्हणायला हवं होतं, उद्या या.

दहाच्या सुमाराला एक पांढरी गाडी दारात थांबली. नुकतीच धुतलेली, बोनेटवर झेंडूची माळ. चालवणारा चाळिशीचा माणूस, शेजारच्या सीटवर त्याची सात-आठ वर्षांची मुलगी, मागे त्याची आई.

"भाऊ, एवढं टुणटुण बंद करून द्या," तो उतरता उतरताच म्हणाला. "परवा एलईडी टाकले. उजेड असा पडतो की समोरच्याच्या शर्टाची बटणं मोजून घ्या. पण हा डॅशबोर्ड ऐकतच नाही. म्हणतो, बल्ब गेला."

"बोदवडपाईन तेच ऐकी ऱ्हायनू," मागून त्याची आई, अक्का, म्हणाल्या. "मन्हं डोकं उठनं."

तो सांगत होता की त्यांचं घर धुळ्याला, देवपुरात. तो कापसाचा ग्रेडर आहे. सीझनला बोदवडच्या जिनिंग मिलांमध्ये असतो, माल बघून प्रत ठरवतो. तिथली खोली आईला दाखवायला नेली होती, आता सणाला घरी चालले होते. मी ऐकत होतो, आणि ऐकत नव्हतोही. माझं लक्ष त्या पिवळ्या चिन्हाकडे होतं.

आबा, हे तुम्हाला जरा समजावून सांगायला हवं. तुमच्या वेळी बल्ब गेला की गेला. ड्रायव्हर उतरून पुढं जाऊन बघायचा तेव्हा कळायचं. आता गाडीत एक छोटा संगणक असतो. हेडलाइटच्या वायरीतून किती करंट जातो ते तो मोजत बसतो. जुना पिवळा बल्ब भरपूर करंट ओढायचा, एलईडी त्याच्या निम्माही ओढत नाही. संगणकाला उजेड दिसत नाही, त्याला फक्त करंट कळतो. कमी करंट म्हणजे बल्ब गेला असं तो धरतो आणि डॅशबोर्डवर खूण पेटवतो. दिवा लख्ख जळत असतो आणि गाडी सांगत असते की जळत नाही. यावर उपाय म्हणून एलईडीच्या जोडीला रेझिस्टर लावतात. अंगठ्याएवढी, सोनेरी, अंगावर खाचा असलेली धातूची कांडी. तिचा उजेड नाही, आवाज नाही. जास्तीचा करंट घ्यायचा आणि त्याची उष्णता करायची, एवढंच तिचं काम. संगणकाचं समाधान होतं, खूण विझते. पण हेडलाइट लावल्यावर पाच मिनिटांत ती कांडी अशी तापते की बोट टेकवता येत नाही. म्हणून ती लोखंडी पत्र्याला स्क्रूंनी घट्ट बसवायची असते, प्लास्टिकपासून आणि वायरींपासून लांब. हे मला माहीत होतं. माहीत नव्हतं अशी सबब माझ्याकडे नाही.

पत्र्याला भोकं पाडायला ड्रिल लागतं, आणि ड्रिल चौरंगावर होतं, तोंडाला कुंकू लावून.

"आज आम्ही हत्यार उचलत नाही," मी म्हणालो. "आमच्या आबांचा नियम आहे."

"मग हातानं होईल तेवढं करा ना, भाऊ. रस्ताभर आई माझं डोकं खाईल."

हातानं होण्यासारखं होतं, तीच तर अडचण झाली. कांडीला प्लग असतो. हेडलाइटच्या प्लगमध्ये तो नुसता दाबला की बसतो. दोन बाजूंना दोन कांड्या मी हातानं जोडल्या. हेडलाइटच्या मागं प्लास्टिकची आडवी पट्टी होती, तिला त्या वायरी आवळायच्या प्लास्टिकच्याच टायनं बांधल्या. टायचं लांब शेपूट दातानं तोडलं. दात काही पूजेत मांडलेले नव्हते, असं मनात म्हणून मला हसूही आलं. चावी फिरवली, हेडलाइट लावले. खूण गेली, टुणटुण बंद.

"वा!" तो म्हणाला. "हत्याराशिवाय एवढं, तर हत्यार घेतल्यावर काय कराल!"

"हे तात्पुरतं आहे. परवा या, पक्कं बसवून देतो."

"येतो की." त्यानं खिशातून आपट्याची चार पानं काढून माझ्या हातावर ठेवली. संध्याकाळी यायला जमणार नाही, सोनं आत्ताच घ्या म्हणाला. मी मुलीच्या हातावर खोबऱ्याचा तुकडा ठेवला. गाडी धुळ्याच्या रस्त्याला लागली.

तो परवा आला नाही. तेरवाही नाही. पिवळी खूण विझल्यावर परत कोण येतं? ती पेटलेली असती तर तो नक्की आला असता.

पहिले दोन-तीन दिवस मला काही वाटलं नाही. मग एका संध्याकाळी देवापुढं निरांजन लावताना, काडी वातीला टेकवता टेकवता मनात आलं, आता त्यानं हेडलाइट लावले असतील. कांडी दिवसा गार असते. ती तापते दिवे लावल्यावर, म्हणजे आपण देवाजवळ दिवा लावतो नेमकी तेव्हाच. त्या दिवसापासून माझी दिवेलागण गेली, आबा. काडी ओढली की मनात मोजणी सुरू व्हायची. पाच मिनिटं झाली, आता बोट टेकवता येणार नाही. दहा मिनिटं झाली, आता टाय मऊ पडला असेल. हात जोडून उभा राहायचो, पण तोंडानं जे म्हणायचो ते मलाच ऐकू यायचं नाही. डोळ्यापुढं एरंडोल ते पारोळा रस्ता यायचा, त्यावरून चाललेली पांढरी गाडी यायची, आणि पुढच्या सीटवरची ती मुलगी.

मी फोन केला नाही असं नाही. केला.

"भाऊ, एकदा येऊन जा. ते बसवायचं राहिलंय."

"अहो, झकास चाललंय! टुणटुण नाही की काही नाही. सीझन सुरू झालाय, फुरसत मिळाली की येतो."

तोवर हेडलाइट लावू नका, ते धोक्याचं आहे, असं मला म्हणायचं होतं. जिभेवर आलं होतं. पण धोक्याचं आहे म्हटलं की तो विचारणार, मग बांधलंत कशाला? मी म्हणालो, "बरं, या सवडीनं." पुढच्या आठवड्यात पुन्हा नंबर लावला आणि पहिली रिंग वाजायच्या आत बंद केला.

तुम्हाला ती काळी-पिवळी जीप आठवत असेल. मी एकोणीस वर्षांचा होतो. पारोळ्याच्या अलीकडं रस्त्याला आपली पत्र्याची टपरी. तुम्ही जेवायला घरी गेला होता. जीपवाला आला आणि म्हणाला, हा ऑइलचा लाल दिवा सारखा पेटतो, पॅसेंजर घाबरतं. मी डॅशबोर्डच्या मागून हात घातला आणि बल्बच काढून घेतला. तो खूश होऊन गेला. तुम्ही आलात, विचारलंत, "काय व्हतं?"

"काही नही. दिवा बंद कया."

"कसा बंद कया?"

मी मूठ उघडली. मक्याच्या दाण्याएवढा बल्ब. तुम्ही तो बघितलात, भिंतीला टेकवलेली सायकल काढलीत आणि म्हणालात, "बठ मांगे." उन्हात पारोळ्याच्या स्टँडपर्यंत तुम्ही पायडल मारलंत, मी कॅरिअरवर बल्ब मुठीत धरून. जीप पॅसेंजर भरून निघायच्या बेतात होती. तुम्ही ड्रायव्हरला खाली उतरवलंत, ऑइलची पट्टी ओढून बघितलीत. ती कोरडी ठाक होती. मग बल्ब माझ्या हातून घेऊन स्वतः बसवलात आणि त्या सगळ्या पॅसेंजरांसमोर मला म्हणालात, "गाडी सांगी ऱ्हायनी, आनि तू तिनं तोंड दाबी ऱ्हायना. तो दिवा का लागना ते देख. दिवा नको बंद करू."

मी तेव्हा लाजेनं मेलो होतो. तुम्ही मला एकट्याला का नाही बोललात, असा राग कितीतरी वर्षं धरला. आता वाटतं, तुम्ही घाबरला होता. तुमचे पाय पायडलवर थरथरत होते ते मी कॅरिअरवरून बघितलं होतं, आणि मला वाटलं होतं की दमलात.

दिवाळी झाली. एका दुपारी एक पिकअप आला, डायनॅमो चार्ज करत नव्हता. मी बोनेट उघडलं आणि हात तसाच राहिला. आत सगळीकडं कापूस. बॅटरीवर, वायरींच्या नळीवर, जाळीच्या मागं, कोपऱ्याकोपऱ्यात पांढरं जावळ साचलेलं.

"जिनिंगमध्ये उभी असते गाडी," ड्रायव्हर म्हणाला. "हवेतच उडतं ते. रोज फुंकर मारली तरी रोज येतं."

आबा, तुम्ही पक्कड हातात देण्याआधी मला एक गोष्ट शिकवली होती. बोनेट उघडलं की वायर बघायची नाही, धूळ बघायची. "आधी गाडी कोठे फिरस ते देख. मंग हात लाव." केळीचा चीक दिसला तर गाडी रावेरकडची, काळी माती दिसली तर शेतातली, चुन्याची पांढरी पूड दिसली तर बांधकामावरची. प्रत्येक गाडी आपलं काम अंगावर घेऊन येते, असं तुम्ही दाखवायचात. आणि मी त्या पांढऱ्या गाडीचं बोनेट उघडलं तेव्हा आत काहीच नव्हतं. दसऱ्यासाठी ती आतून-बाहेरून धुऊन आणली होती. कापसाचा ग्रेडर आहे, बोदवडच्या जिनिंगला असतो, हे त्यानं आपल्या तोंडानं सांगितलं होतं, अक्कांनीही बोदवडचं नाव घेतलं होतं. मी त्या कांड्या प्लास्टिकला बांधून, ज्या गाडीत महिनाभर कापूस साचणार होता तिला रस्त्याला लावून दिलं होतं.

पिकअपवाल्याला मी खुर्चीत बसवलं आणि मागच्या बाजूला जाऊन फोन लावला.

"कुठं आहात, भाऊ?"

"घरी, देवपुरात. उद्या सकाळी सगळ्यांना घेऊन बोदवडला निघतो. का हो?"

"आज गाडी बाहेर नाही ना काढायची?"

"नाही. का?"

"काही नाही. उद्या सकाळी मी धुळ्याला येतोय. मी येईस्तोवर निघू नका. ते बसवून देतो."

"त्याच्यासाठी धुळ्याला येताय?" तो हसायला लागला.

"दुसरं काम आहे," मी म्हणालो. दुसरं काम नव्हतं.

त्या संध्याकाळी बायकोनं निरांजन लावलं. मी बाहेर उभा राहिलो. सकाळी उजाडायच्या आधी मी पिशवीत पक्कड, सोल्डरिंगची कांडी, टेस्ट लॅम्प आणि टॉवेलात गुंडाळून ड्रिल घेतलं. ड्रिलच्या तोंडावरचं कुंकू तसंच होतं. महिनाभर मी ते पुसलं नव्हतं आणि त्या ड्रिलनं कामही केलं नव्हतं, शेजारच्याचं मागून आणत होतो. बायकोनं दारातून विचारलं, "एवढं काय झालंय?" मी म्हणालो, "आल्यावर सांगतो." ती म्हणाली, "महिन्यापासून तुम्ही आल्यावरच सांगताय."

धुळ्याच्या पहिल्या बसमध्ये मी खिडकीशी बसलो आणि खोटं बोलण्याची तयारी केली. हे मी तुमच्यापासून लपवत नाही. कंपनीचा माल खराब निघाला, बऱ्याच गाड्यांत तक्रार आली, म्हणून मी स्वतः फिरून बदलून देतोय. वाक्य इतकं चांगलं जमलं होतं की एरंडोल जाईस्तोवर मला त्याचा थोडा अभिमानही वाटायला लागला. पारोळ्याच्या अलीकडं आपली टपरी होती तिथं आता मोबाइलचं दुकान आहे. बस तिथून पुढं गेली तेव्हा मी मान खाली घातली.

पांझरेचा पूल ओलांडून देवपुरात पोचलो तेव्हा ते सामान भरत होते. गाडी धुळीनं भुरकी झाली होती.

"या! तुम्ही तर घरपोच सेवा चालू केली की," तो म्हणाला. "आई, चहा टाक. जळगावचे भाऊ आले."

अक्का ओट्यावर आल्या आणि मला बघून म्हणाल्या, "तुले सांगनं ऱ्हायनं. चार दिन व्हयनात, गाडीमा वातीना वास येस. समई इझाडी का मंग जसा वास येस ना, तसा. माले वाटनं देवी बठेल शे."

मी बोनेटची दांडी ओढली. बोनेट वर केलं आणि तो वास आला. विझलेल्या वातीचाच. कापूस जळला की दुसरा कसला वास येणार?

ड्रायव्हरकडच्या हेडलाइटमागं कापसाचा थर बसला होता. बाहेर पांढरा, आत पिवळा, त्याच्या आत तपकिरी, आणि कांडीला चिकटलेला काळा. प्लास्टिकची पट्टी मध्ये खचली होती. टाय पातळ होऊन दोऱ्यासारखा ताणला होता आणि कांडी लोंबत वायरींच्या जुडीवर टेकली होती. वरची नळी वितळून गेली होती. आतल्या एका वायरीचं तांबं दिसत होतं. मी त्याला बोट लावलं नाही. आधी बॅटरीची पट्टी सोडवली.

तो माझ्या खांद्यावरून बघत होता. त्याचं हसणं थांबलं होतं.

"हे काय झालं?" आणि मग त्यानंच म्हटलं, "माल खराब लागला वाटतं तुम्हाला. कंपन्या असंच फसवतात."

बसमध्ये घोकलेलं वाक्य त्यानं माझ्या हातात आणून ठेवलं. नुसती मान हलवली असती तरी चाललं असतं. ती मुलगी पुढच्या सीटवर चढून बसली होती आणि बाजूच्या काचेतून डोकावून माझ्याकडं बघत हात हलवत होती.

"माल चांगला आहे," मी म्हणालो. "बसवणारा चुकला. ही कांडी पत्र्याला बसवायची असते, मी प्लास्टिकला बांधली. तापते हे मला माहीत होतं. फोन केला तेव्हाही माहीत होतं, मी सांगितलं नाही."

"का पण?"

"दसरा होता. ड्रिल पूजेत होतं. हत्यार उचलायचं नाही, आमच्या आबांचा नियम."

त्यानं काळ्या कापसाचा एक बोळा चिमटीत धरून कुस्करला. ओरडेल असं वाटलं होतं. तो ओरडला नाही. "मग त्या दिवशी नाही म्हणायचं होतं ना, भाऊ," तो म्हणाला. "मी काय दुसऱ्या दिवशी आलो नसतो? टुणटुण ऐकत गेलो असतो घरी."

अक्का चहाचा कप घेऊन पायरीवर उभ्या होत्या. त्यांनी कप तिथंच ओट्यावर ठेवला. "मन्ही नात पुढे बसस," त्या म्हणाल्या. मग थोड्या वेळानं, "तुन्हा बाप काय काम करे?"

"हेच. गाड्यांचं वायरिंग."

"आनि त्यानी असं सांगं? हत्यार उचलू नको?"

मी मान हलवली. हो म्हणून.

दोन्ही कांड्या काढल्या. तो म्हणाला, "ड्रिल आणलंय ना? मग आता पत्र्याला ठोका. एलईडी राहू द्या." मी नाही म्हणालो. पत्र्याला लावली तरी कांडी तापणारच, आणि जिनिंगमधला कापूस पत्र्यावरही बसणार. या गाडीत ती नकोच. आणि एलईडी पुढं कधी खरोखर गेला तरी कांडीमुळं गाडी काहीच सांगणार नाही, हेही त्याला सांगितलं. जुने बल्ब डिकीत एलईडीच्याच खोक्यात ठेवले होते, ते काढले. भाजलेली वायर तोडून नवा तुकडा जोडला, सोल्डर केला, वर नळी चढवली. कापूस हातानं वेचून काढला, अगदी शेवटच्या कोपऱ्यापर्यंत. बॅटरी पुन्हा जोडली, टेस्ट लॅम्प लावून दोन्ही बाजू तपासल्या. तुमच्या हातचा तो बल्ब दोन्हीकडं पिवळा आणि भरून पेटला. मग पुढचे दिवे लावले. डॅशबोर्डवर काही उमटलं नाही, आणि या वेळी ते खरं होतं. टॉवेलात गुंडाळलेलं ड्रिल पिशवीतच राहिलं.

निघताना तो फाटकापर्यंत आला नाही. मला ते योग्यच वाटलं. अक्कांनी ओट्यावरून म्हटलं, "नीट जाय." चहावर साय धरली होती. मी उभ्या उभ्या तो गारच पिऊन टाकला, कारण न पिता जाणं मला जमेना.

परतीच्या बसमध्ये मला झोप लागायला हवी होती. लागली नाही. अक्कांचा प्रश्न कानात बसला होता.

आबा, तुमच्या वेळचा एक दसरा मी या पत्रात आतापर्यंत लिहिला नाही, मुद्दामच. टपरीवर पूजा मांडली होती, काका आले होते. दिवस कलला होता. रावेरकडून केळी भरून आलेला ट्रक थांबला. पुढचे दोन्ही दिवे बंद. ड्रायव्हर म्हणाला, क्लीनरला हातात टॉर्च देऊन पुढं बसवतो, थांबता येणार नाही, माल पिकतो. काका म्हणाले, आज नाही, हत्यार पूजेत आहे. तुम्ही ट्रककडं बघितलंत, रस्त्याकडं बघितलंत. "तो बिनदिवानाच जायी," असं पुटपुटलात, आणि चौरंगावरून पक्कड उचललीत. कुंकू तुमच्या तळव्याला लागलं. तासाभरात दोन्ही दिवे पेटले. पक्कड पुसून तुम्ही जागेवर ठेवलीत, तिच्यावर पुन्हा कुंकू लावलंत. काका चिडून म्हणाले, "पूजा मोडनी!" तुम्ही बिडी शिलगावलीत आणि म्हणालात, "देवले सांगी दिधं मी. तो काही बोलना नही."

मी तेव्हा काकांच्या बाजूनं होतो. आपला बाप देवाला मानत नाही याची मला शरम वाटली होती. जळगावला दुकान टाकलं तेव्हा मी ठरवलं, माझ्याकडं असं होणार नाही. तुम्ही गेल्यावर लोकांना सांगायला लागलो की हा आमच्या आबांचा नियम आहे. मेलेल्या माणसाचं नाव घेतलं की कोणी वाद घालत नाही. इतकी वर्षं सांगितलं की मलाही ते खरं वाटायला लागलं होतं. पक्कड पूजेत ठेवणारा मी, आणि ती उचलणारे तुम्ही. देवाला घाबरून कोण वागत होतं आणि कोण नाही, हे मला त्या काळ्या कापसाकडं बघताना कळलं. तुम्ही माणूस बिनदिव्याचा जाईल म्हणून घाबरला होता. मी लोक काय म्हणतील म्हणून.

काल ड्रिलवरचं कुंकू पुसलं आणि ते कामाला घेतलं. संध्याकाळी निरांजनही मीच लावलं. तरी मनात पाच मिनिटं मोजलीच. ते जायला वेळ लागेल. हे कागद टेस्ट लॅम्पच्या पत्र्याच्या डब्यात राहतील, दुसरीकडं कुठं जाणार नाहीत.

एक गोष्ट मात्र राहिली होती, ती आज सकाळी उरकली. दुकान उघडायच्या आधी मी त्याला फोन केला. त्यानं उचलेपर्यंत पाच-सहा रिंग गेल्या.

"बोला भाऊ. आता काय राहिलं?" आवाज कोरडा होता.

"अक्कांना सांगा," मी म्हणालो, "तो नियम आमच्या आबांचा नव्हता. आबा दसऱ्यालाही पक्कड उचलायचे. नियम माझा होता."

मागं जिनिंगची मशिनं चालू होती.

"एवढंच सांगायला फोन केला?"

"हो," मी म्हणालो. "एवढंच."